फळी काय बोलली

वडखळजवळच्या मिठागरात काम करणाऱ्या बायजाबाईला एक कला येत होती. ती त्या भागात दुसऱ्या कुणाला येत नव्हती. मोडक्या होडीची एक काळी फळी तिनं झोपडीपुढं मांडून ठेवली होती. दुपारी कामातून उसंत मिळाली की ती फळीवर दाट खारं पाणी ओतायची आणि बोटानं त्यात रेघा ओढायची. ऊन लागून पाणी आटायचं, रेघांवर पांढरं मीठ धरायचं, बारीक तडतड व्हायची आणि त्या तडतडीतून फळी बोलायला लागायची. भिंतीपलीकडं कुणी बोलत असावं, तसा आवाज. समोर बसलेल्या सगळ्यांना एकच गोष्ट ऐकू यायची. मीठ पुरतं वाळलं की गोष्ट थांबायची, मग अर्धवट राहिली तरी.

देश स्वतंत्र होऊन काही वर्षं झाली होती, रस्त्यानं एस.टी. धावू लागली होती. पेणहून, पार गागोद्याहून माणसं गोष्ट ऐकायला यायची. ऐकू यायचं नाही ते फक्त बायजाबाईला. तिच्या कानी नुसती तडतड.

"आज काय बोलली?" ती नवऱ्याला विचारायची.

"एक बाई व्हती," काळुराम सांगायचा. "तिचा रेडा हरवला. मंग गावला."

"इतका वेळ एवढंच?"

"मधी आणखी कायकाय व्हतं. आता ध्यानात नाय."

लोक फळीपुढं बसून हसताना, डोळे पुसताना बायजाबाई बघायची आणि त्यांच्या तोंडांवरून गोष्टीचा अदमास घेत राहायची.

खांब गावची मैना दरवर्षी वाल देऊन मीठ न्यायला वडखळला यायची. ती शेतकऱ्याच्या घरची, बोलण्यात मोठी रसाळ. एकदा ती फळीपुढं बसली आणि उठल्यावर तिनं बायजाबाईला सगळी गोष्ट सांगितली. कोण कुठं निघालं, सून का रुसली, सासरा काय म्हणाला, सगळं. बायजाबाई हातातलं काम टाकून ऐकत राहिली. शेवटी म्हणाली, "खरं सांग गो. यातलं फळीचं किती आन् तुझं किती?"

मैनानं विचार केला. "सून रुसली तिथपर्यंत फळीचं, मावशी. तिनं घागर विहिरीत टाकली ते माझं असंल. आता मलाच कळत नाय."

बायजाबाईनं फळीवरचं वाळलेलं मीठ खरवडून काढलं. मग म्हणाली, "तू रेघा काढ. मी ऐकते."

"मला कुठं येतं?"

"शिकवते की."

मैना शिकायला येऊ लागली. तिला रांगोळीची सवय, त्यामुळं फळीवर कमळं उमटायची, मोर उमटायचे. वाळल्यावर छान दिसायचे, पण बोलायचे नाहीत. "आधी ठरवून काढतेस तू," बायजाबाई म्हणायची. "पाणी सरकंल तिकडं बोट जाऊ दे." खाऱ्या पाण्यानं मैनाची बोटं सोलपटली. घरी नवरा, बाबाजी, म्हणाला, "मीठ आणायला जातेस का मीठ वाळवायला?" ती हसली आणि पुढच्या बाजाराला पुन्हा एस.टी.त बसली.

होळी झाल्यावरच्या एका दुपारी मैनानं कंटाळून, फळीकडं नीट न बघताच बोट फिरवलं. पाणी आटू लागलं. तडतड सुरू झाली. बायजाबाई सवयीनं काळुरामच्या तोंडाकडं बघत होती, आणि एकदम तिची मान फळीकडं वळली.

फळी रोह्याची गोष्ट सांगत होती. कुंडलिकेवर एक होडीवाला होता. रोज सकाळी एक म्हातारी झाकलेली टोपली घेऊन त्याच्या होडीत बसायची आणि संध्याकाळी तीच टोपली तशीच झाकलेली घेऊन परतायची. होडीवाला भला माणूस, विचारायचा नाही. पण एकदा भर नदीत त्याला राहवलं नाही. त्यानं वल्हं आडवं ठेवलं आणि म्हणाला, "आजे, या टोपलीत..."

मीठ वाळलं.

बायजाबाई पुढं सरकली. तिनं फळीला कान लावला. मग मैनाचा हात धरला. "टोपलीत काय व्हतं?"

"कुठली टोपली?" मैना म्हणाली. तिनं तडतडीशिवाय काही ऐकलंच नव्हतं.

मैनाचा चेहरा पडला. इतके दिवस शिकून केलेली गोष्ट, आणि तिलाच नाही. बायजाबाईला ते चांगलंच ठाऊक होतं. तिनं मैनाला जवळ बसवलं आणि म्हातारीपासून सगळं सांगितलं. सांगताना म्हातारीला तिनं हिरवं लुगडं नेसवलं. ते फळीनं सांगितलं नव्हतं.

पण टोपली काही डोक्यातून जाईना. बायजाबाई पेणच्या पुढं कधी गेली नव्हती. तरी दुसऱ्या आठवड्यात मैनाला घेऊन ती रोह्याला गेली. नदीला भरती होती. काठावर एक होडीवाला दोर आवळत बसला होता.

"दादा, झाकली टोपली घेऊन एक म्हातारी येते का वो तुमच्या होडीत?"

"टोपल्या घेऊन लय जणी येतात."

"रोज येते. संध्याकाळी टोपली तशीच परत नेते."

त्यानं डोकं खाजवलं. "नाय बा. अशी कोण नाय." मग म्हणाला, "का? काय झालं तिचं?"

बायजाबाईनं मैनाकडं पाहिलं. मैना म्हणाली, "सांगा मावशी."

"बसा खाली," होडीवाला म्हणाला आणि दोर बाजूला ठेवून त्यांच्यासाठी जागा केली. बायजाबाई होडीच्या काठावर टेकली. पुढं काय झालं ते तिला अजून माहीत नव्हतं. तरी तिनं सांगायला सुरुवात केली.