समाधीच्या डाव्या अंगाची जागा

"दाव्यात लिहिलंच नाही मावशी, मग जजसाहेब तरी काय करतील?" आमचे वकील गोविंदराव कोर्टाच्या पायऱ्या उतरता उतरता म्हणाले.

"मी त सांगितलं होतं की तुमाला," माय म्हणाली. "मळा घेतला तवा माझ्या पाटल्या मोडल्या. दोगा भावाच्या कापसाचा पैसा घातला. खत फकस्त आप्पाच्या नावानं केलं, थोरले म्हणून."

"सांगितलं असेल. पण दाव्यात 'वडिलोपार्जित' असं पडलं, आणि खरेदीखत निघालं एकट्या नागनाथरावांचं, तुमच्या थोरल्या दिरांचं. एकत्र कमाईतून घेतला, हे दाव्यात मांडायला पाहिजे होतं. मांडलं नाही त्याचा पुरावा कोर्ट बघत नसतं."

पडलं म्हणे! आभाळातून पडलं का? दुसऱ्या कुणाच्या दाव्यातला मजकूर उचलून यांनीच आमच्यात डकवला. मी तोंडावर बोलणार होते, पण मायनं माझा हात दाबला. जन्मभर तिनं हेच केलं, दुसऱ्याचा हात दाबायचा आणि स्वतःचं तोंड.

आम्ही ताडकळसच्या बाजूचे लिंगायत. आमच्यात माणसाला जाळत नाहीत, पुरतात; गावच्या रुद्रभूमीत, नाहीतर स्वतःच्या शेतात. माझा बाप सांबप्पा गेला तेव्हा नागनाथ काकाच म्हणाले होते, "मळ्यातच ठिवू त्याला. आपलाच मळा हाय." त्या 'आपलाच'वर माय विसंबली. दर सोमवारी समाधीवर पाणी, बेल. आणि डाव्या अंगाची हातभर जागा ती खुरप्यानं साफ करून ठेवायची. ती तिची स्वतःची, मेल्यावरची. मळा नाही मिळाला तरी चालेल, पण तेवढी जागा जाऊ नये, यासाठी तर तिनं सख्ख्या दिरावर वाटणीचा दावा लावला होता.

समाधी हाच आपला मोठा पुरावा, असं तिला वाटायचं. साक्षीला उभी राहिली तर मोठ्या तोऱ्यात म्हणाली, "हिचा बाप तिथंच हाय, मळा आमचा न्हाई कसा?"

काकांच्या वकिलानं गोड आवाजात विचारलं, "समाधीला जागा कोणी दिली, आजी?"

"आप्पानं."

"तुम्ही मागितली, त्यांनी दिली?"

"हाव. थोरल्याला इचारल्याबिगर काय करत असत्यात का?"

झालं! घरची रीत सांगायला गेली आणि स्वतःच्या पायावर धोंडा मारून घेतला. निकालात तेच आलं: मळा नागनाथचा, समाधीला जागा दिली ती त्याच्या परवानगीनं. काका तर पिंजऱ्यात उभे राहून म्हणाले होते, "भाऊ होता, दया आली." दया! ज्या विहिरीचं पाणी ते पितात, ती माझ्या बापानं खांदली.

वडिलोपार्जित म्हणून आमच्या वाट्याला आलं ते माळावरचं बरड रान तेवढं.

निकालाच्या धावपळीत दोन सोमवार चुकले होते; पुढच्या सोमवारी मी मायसोबत गेले. काका लिंबाखाली बाजेवर बसले होते. माय बांधावरच थांबली. मायला असं थांबलेलं मी कधी पाहिलं नव्हतं.

"ये की नीलम्मा," काका म्हणाले. "म्या कवा नको म्हणलो? फकस्त इचारून येत जा. पोरं कटकट करायलेत."

मायनं पदर सारखा केला. "आप्पा, मी मेल्यावर मला बी इथंच ठिवचाल का? त्यांच्या शेजारी?"

काकांनी चपलेनं ढेकूळ फोडलं. "बघू की. पोरांला इचारावं लागंल."

मायनं तांब्या आणि बेल माझ्या हातात दिले. "तूच घालून ये पाणी. मी न्हाई येत. अन् त्रिवेणे, मला गावच्या रुद्रभूमीत ठिव. तिथं कुणाला इचारावं लागत न्हाई."

माझ्या डोळ्यांतून पाणी यायला लागलं ते रागाचं होतं. काकांसमोरून तशीच गेले. समाधीवर पाणी घातलं, बेल वाहिला. डाव्या अंगाला पाहिलं तर त्या साफ जागेत मेथीचा वाफा केलेला. चांगली बोटभर वर आलेली, हिरवीगार.

परत आले तर माय बांधावर तशीच उभी.

"गवत माजलं असंल न्हाई त्या बाजूला? दोन सोमवार झाले, खुरपं लागलं न्हाई."

"न्हाई माय," मी म्हणाले. "साफ हाय."