केळीला मिठी

भर मे महिन्यातही गळ्यात मफलर घालणाऱ्या परेशला दिग्दर्शक म्हणवून घ्यायची भारी हौस. आचोळ्याच्या फ्लॅटमधल्या आतल्या खोलीत बसून संपदा वर्षानुवर्षं असल्या स्वयंघोषित कलावंतांचे सिनेमे कापून-जोडून उभे करत आली होती. आता तिला त्यांची शिसारी येऊ लागली होती.

या खेपेला परेशनं उमेळे गावच्या बळीरामकाकांवर माहितीपट केला होता. केळीची वाडी गेली, बिल्डिंग आली, शेतकरी उद्ध्वस्त. काका केळीला मिठी मारून हुंदके देत होते. पण कॅमेरा त्याआधीच चालू झाला होता, आणि त्यात परेश स्पष्ट ऐकू येत होता. "काका, रडा. अजून थोडं."

"अरे पन कशापायी?" काका वैतागले होते. "वाडी मीच इकली. पानी खारं झालेलं. पोरीला पार्लर काढून दिलं, मजेत हाय मी. आनि ही केळ तर शेजाऱ्याची!"

संपदानं नेमका हाच तुकडा सिनेमाच्या मध्यावर ठेवला. परेश पिसाळला.

"वेडी आहेस का? यात वेदना कुठाय?"

"होती कधी?"

"फेस्टिव्हलवाल्यांना आनंदी शेतकरी चालत नाही गं."

"मग रडणारा भाड्यानं आण. माझ्याकडे नको."

हार्ड डिस्क उचलून तो दुसऱ्या एडिटरकडे गेला. त्या मिठीला बक्षीस मिळालं. व्यासपीठावरून परेश मातीच्या ऋणाबद्दल बोलला. जन्मात कधी त्याच्या नखात माती गेली नव्हती.

संपदा स्वतःच कॅमेरा घेऊन उमेळ्याला गेली.

"तू कुठल्या झाडाला मिठी मारायला सांगतेस, बाय?" काकांनी विचारलं.

"कुठल्याच नाही. नुसतं बोला."

काका हसत-खिदळत बोलले. बापानं खणलेल्या विहिरीचा विषय निघाला, तसे अचानक गप्प झाले. डोळे भरून आले. आणि संपदाच्या मनात चटकन उमटलं, मिळालं! दुसऱ्याच क्षणी तिला स्वतःचीच किळस आली. तिनं कॅमेरा बंद केला.

"हे ठेवू का, काका?"

त्यांनी डोळे पुसले. "ठेव. पन हसलो तेपन ठेव."

एकाही महोत्सवानं तिचा सिनेमा घेतला नाही. तिनं तो उमेळ्यातच समाजमंदिरात दाखवला. पार्लरच्या गोष्टीला लोक खळखळून हसले, विहिरीपाशी गप्प झाले. परेशही आला होता.

"शेवटी तूही रडवलंसच की," तो कुजकट हसत म्हणाला.

ती पुढे जाऊन काकांच्या शेजारी बसली.