आजोबांचा हौद

पुरातत्त्वज्ञ डॉक्टर लॅथबरी चिखलात गुडघे टेकून एका दगडावरून मऊ ब्रश फिरवत होता. कुंपणाला टेकून इसोबेल हेस्लप ते बघत होती. एवढी पुस्तकं वाचून माणसाची अक्कल चरायला जाते ती जाते कुठे, हे तिला खरंच कळत नव्हतं. तिच्या मेंढ्या तरी संध्याकाळी परत येत.

रोमन भिंत तिच्या शेताच्या वरच्या अंगाने टेकडीवरून जाते, त्यामुळे दर उन्हाळ्यात, म्हणजे जून ते सप्टेंबर, कोणी ना कोणी खणायला येतंच. इसोबेलच्या मते सगळे एकाच माळेचे मणी. एक जण खणणार, दोघं ते लिहून घेणार आणि उरलेले त्यावर बोलणार. हातभर जमीन उकरायला यांना महिना लागतो. तिने असा एक गडी ठेवला असता तर दुपारच्या आत हाकलला असता.

पण यंदा नुसतं हसून भागणार नव्हतं. मागच्या एप्रिलमध्ये चार दिवस गारठवणारा पाऊस कोसळला आणि तिची एकेचाळीस कोकरं उघड्यावर मेली. ती तिने स्वतः गोळा केली होती. पुन्हा तसं झालं तर कळप मोडावा लागणार होता. म्हणून मेंढ्यांना विण्यासाठी तिला एक शेड हवी होती. सगळं शेत उताराचं. सपाट जागा काय ती जुन्या गोठ्याला लागून, आणि उत्तरेचा वारा अडवणारी भिंतही त्या गोठ्याचीच. त्याच भिंतीत तुळया बसवून छप्पर काढायचं, असा नकाशा मंजुरीला गेला होता.

आणि नेमक्या त्याच जागेत लॅथबरीला फरसबंदीचा एक चौकोन सापडला. हा रोमन पहाऱ्याच्या बुरुजाचा पाया आहे, असं त्याने जाहीर केलं. तसं ठरलं तर कायद्याने तिथे खुंटासुद्धा ठोकता येणार नव्हता.

तो मेंढ्यांना औषधाच्या पाण्यात बुचकळायचा हौद होता. तिच्या आजोबांनी बांधलेला, तिच्या लहानपणी बुजवलेला. इसोबेलने पहिल्याच आठवड्यात तसं सांगितलं होतं. त्यावर लॅथबरी गोड हसला होता. लोकांच्या आठवणी फार हृद्य असतात, म्हणाला, पण दगड खोटं बोलत नाहीत. तो 'हृद्य' शब्द तिच्या घशात अजून अडकलेला होता. तेव्हाच तिने ठरवलं, याला एकट्याला गाठून समजवायचं नाही. वरचा अधिकारी येऊ दे, मग चारचौघांत याची शोभा करायची.

सप्टेंबरच्या पहिल्या गुरुवारी सरकारच्या वारसा खात्याच्या मिस प्राइस आल्या. बारीक चणीच्या, कमी बोलणाऱ्या. लॅथबरीने त्यांना सगळं फिरवून दाखवलं. एका बाजूला आडव्या रेघा कोरलेला उतार होता. तिथून म्हणे सैनिक वर चढत.

"सैनिक होते की कोंबड्या?" इसोबेल म्हणाली. "दोन पावलं रुंद उतार, डॉक्टरसाहेब. मेंढी हौदातून बाहेर पडताना घसरू नये म्हणून त्या रेघा आहेत."

मग तिने बादलीभर पाणी चौकोनात ओतलं. पाणी कोपऱ्याकडे वळलं, तिथल्या भोकातून खाली गेलं आणि खालच्या कुंपणापाशी चराच्या तोंडातून बाहेर आलं. एवढं पुरेसं होतं, पण तिने दुसरी बादलीही ओतली. लॅथबरीच्या विद्यार्थ्यांपैकी कोणीतरी फिसकन हसलं. लॅथबरी लालबुंद झाला. त्या उन्हाळ्यात इसोबेलला इतकं बरं कधी वाटलं नव्हतं.

मिस प्राइस यांनी वाकून दगडांवर हात फिरवला. हौदाला एवढे घडीव दगड कसे, असं त्यांनी सहज विचारलं.

त्या खोऱ्यात ज्याच्या घरात रोमन भिंतीचा दगड नाही तो उपरा समजला जातो. मेंढ्यांच्या बाजारात माणसं आपापल्या चुलीमागचे दगड मोजून दाखवतात. इसोबेलला तर आज चांगलाच चेव चढला होता.

"भिंतीचेच आहेत," ती म्हणाली. "आजोबांनी दोन हिवाळे घोडागाडीने खाली आणले. हौदाला लागले ते उरलेले. आधी त्यांनी हा गोठा बांधला, अख्खा. या ना, दाखवते."

ती पुढे, बाकीचे मागे. गोठ्यात तिने गवताच्या गंज्या बाजूला सारल्या आणि बॅटरी भिंतीवर धरली. खाली डोकं वर पाय असा बसवलेला एक दगड होता, त्यावर कोरलेली अक्षरं. लॅथबरीने मान वाकडी करून ती मोठ्याने वाचली. ज्या तुकडीने भिंतीचा तो पट्टा बांधला, तिच्या नायकाचं नाव होतं ते. पलीकडे आणखी एक आहे, इसोबेल म्हणाली, आणि तिने तोही दाखवला. मिस प्राइस लिहून घेत होत्या. आजोबांचं नाव, साल, घोडागाडीच्या खेपा, त्या विचारतील तसं सगळं तिने सांगितलं. आजोबांचं कौतुक कधी कोणी लिहून घेतलं नव्हतं.

अंगणात आल्यावर मिस प्राइस यांनी वही मिटली.

"हौद तुम्ही काढू शकता, मिसेस हेस्लप. त्याला आमची हरकत नाही," त्या म्हणाल्या. "गोठा मात्र आजपासून संरक्षित वास्तूंच्या यादीसाठी विचाराधीन आहे. निर्णय होईपर्यंत त्या भिंतीत खिळाही ठोकायचा नाही. तुळया तर लांबच."

निर्णय किती दिवसांत होतो, असं इसोबेलने विचारलं. साधारण दोन वर्षं, असं उत्तर आलं. तिने गोठ्याच्या भिंतीकडे पाहिलं, मग कुरणात चरणाऱ्या मेंढ्यांकडे. एप्रिल सात महिन्यांवर होता.

मिस प्राइस यांची गाडी गेली. विद्यार्थी सामान आवरायला लागले. लॅथबरी मात्र तिथेच घुटमळत होता. तो डिवचेल अशी तिची अपेक्षा होती. डिवचलं असतं तर तिला सोपं गेलं असतं.

"ती यादी ठरवणाऱ्या समितीत माझा शब्द थोडाफार चालतो," तो म्हणाला. "भिंतीला हात न लावता, सुटे खांब रोवून शेड उभी करता येईल. तुमची इच्छा असेल तर मी तसं पत्र देईन."

सबंध उन्हाळा ज्याला ती मूर्ख म्हणत आली, तो समोर उभा होता, गुडघ्यांना चिखल, हातात ब्रश.

"द्या," ती म्हणाली. मग जड जिभेने पुढे म्हणाली, "कृपा करून."