चादरींचा खेळ

संध्याकाळच्या तांत्रिक वर्गात तिला सगळे काकू म्हणत. म्हणणार नाहीत तर काय, बाकांवरच्या निम्म्या पोरांच्या आया तिच्या बरोबरीच्या होत्या. दिवसभर ती कपडे धुण्याच्या कारखान्यात इस्त्रीच्या टेबलापाशी उभी असायची. हॉटेलांच्या, रुग्णालयांच्या चादरी चुरगळलेल्या यायच्या आणि तिच्या हाताखालून कोऱ्या कागदासारख्या बाहेर पडायच्या. बॉयलरच्या खोलीत बढती हवी तर यंत्रचालकाची परीक्षा द्यावी लागे. त्या परीक्षेत गणिताचा एक पेपर होता आणि पेपरासाठी आलेख काढून दाखवणारा कॅल्क्युलेटर लागायचा. तिने तो जुन्या सामानाच्या दुकानातून घेतला. त्याच्या पाठीवर आधीच्या मालकाने टोकदार कशाने तरी ‘हात लावू नये’ असं कोरून ठेवलं होतं.

पोरांचे कॅल्क्युलेटर नुसते गणितापुरते नव्हते. सर फळ्याकडे वळले की बाकांखाली बोटं चालायची. या उद्योगाचा म्होरक्या होता वकील. कायद्याशी त्याचा काडीचा संबंध नव्हता, पण कुठल्याही प्रश्नाला प्रश्नानेच उत्तर द्यायची खोड, म्हणून ते नाव पडलेलं. त्याच्याकडे एक आखूड केबल होती. दोन कॅल्क्युलेटर त्या केबलीने जोडले की एकातला खेळ दुसऱ्यात उतरायचा. एकदा मधल्या सुट्टीत काकूंनाही विरंगुळा हवा असं म्हणत त्याने तिच्या कॅल्क्युलेटरमध्ये एक सापाचा खेळ घातला. घर येईपर्यंत बसमध्ये तिचा साप भिंतीला आपटून आपटून मेला.

मग तिने वर्गातल्या कोणी केलं नव्हतं ते केलं. खेळ उघडून आत काय आहे ते पाहिलं. आत नुसत्या ओळी होत्या. जर हे बटण दाबलं असेल, तर हा आकडा एकाने वाढव. जर हा आकडा कडेला पोचला, तर थांब. बस्स. साप कुठेच नव्हता. तिला वाटलं होतं, असल्या गोष्टी मोठ्या कारखान्यांत तयार होऊनच येत असतील. हे तर कोणीतरी बसून, डोकं खाजवत, एकेक ओळ लिहिलेलं होतं.

ज्याला त्याला ज्याचं त्याचं सुचतं. तिला चादरी सुचल्या. वरून चादरी पडतायत, खाली चाकांची गाडी. बाणाच्या बटणांनी गाडी डावी-उजवीकडे न्यायची आणि चादर जमिनीला टेकायच्या आत झेलायची. टेकली की डाव संपला. चादर म्हणजे एक शून्य आणि गाडी म्हणजे दोन कंस. जेवणाच्या सुट्टीत कारखान्यात गाठोड्यावर बसून ती ओळी लिहायची, बसमध्ये त्या तपासायची. चादर नीट गाडीत पडली तरी डाव संपायचा, हे कोडं तिला फार दिवस पुरलं. शेवटी एकदा भाजी चिरताना उमगलं. ती आधी चादर झेलली की नाही ते बघत होती आणि मग गाडी हलवत होती. कामावर असं केलं असतं तर मुकादमाने बिनपाण्याने केली असती. तिने दोन ओळींची अदलाबदल केली आणि चादर अलगद गाडीत उतरली.

ती सकाळी हात जोडल्याशिवाय तोंडात पाण्याचा थेंब घालत नसे. दुसऱ्या दिवशी हात जोडले तेव्हा मागायचं काहीच सुचलं नाही. नुसतीच उभी राहिली.

घरी मात्र कौतुक सोडाच. नवरा म्हणाला, खेळ केलास ते ठीक, चारचौघांत बोलू नकोस. सासूबाईंच्या तर नाकाला मिरच्या झोंबल्या. त्यांच्या मते या वयात बायका गुडघे सांभाळतात, खेळ नाही मांडत. शिकायला जाते म्हणून घरातून निघायचं आणि बटणं दाबत बसायचं, याला शिक्षण म्हणतात होय, असं त्या तिला ऐकू जाईल अशा बेताने भिंतीला सांगायच्या. ती ऐकून घ्यायची. आवाज चढवणं तिच्या स्वभावात नव्हतं. पण कॅल्क्युलेटर काही तिने पिशवीतून बाहेर टाकला नाही.

कारखान्याच्या सुट्टीच्या एका दुपारी सासूबाईंचा रेडिओ बंद पडला. घरात दुसरे सेल नव्हते. त्यांनी सुनेची पिशवी उघडली, कॅल्क्युलेटरचे सेल काढून रेडिओत घातले आणि कार्यक्रम संपल्यावर परत जागच्या जागी बसवले. एरवी यात काही बिघडत नाही. कॅल्क्युलेटरच्या पोटात बटणाएवढा एक राखीव सेल असतो, मुख्य सेल काढले तरी तो सगळं लक्षात धरून ठेवतो. पण हिचा राखीव सेल जुन्या मालकाच्या घरीच मेलेला होता, आणि ते कोणाला ठाऊक असणार. संध्याकाळी वर्गात तिने बटण दाबलं तर कॅल्क्युलेटर दुकानातून आज आणल्यासारखा कोरा.

जुन्या सामानाच्या दुकानदाराने तो उघडून कारण सांगितलं. तिने आधी राखीव सेल बदलून आणला, मग कारखान्यात गाठोड्यावर बसून सगळा खेळ पहिल्यापासून लिहायला घेतला. सासूबाईंना काय झालं ते कळलं तेव्हा त्या दोन दिवस रेडिओ न लावता बसल्या. तिसऱ्या दिवशी म्हणाल्या, आण बघू, एवढं काय आहे त्यात. तिने गाडी कशी हलवायची ते दाखवलं. सासूबाईंनी पहिली चादर पाडली, दुसरी पाडली, तिसरी झेलली आणि मग जेवायला हाका मारल्या तरी उठेनात. नवऱ्याने विचारलं तर म्हणाल्या, सुनेने कुठे घोटाळा केलाय का ते तपासतेय.

परीक्षेच्या दिवशी सर वर्गाच्या दारातच उभे होते. उंच, किडकिडीत माणूस. खोटं हसायचा नाही आणि उगाच ओरडायचाही नाही. त्यांनी नवा नियम सांगितला. पेपर हातात मिळण्याआधी प्रत्येकाने आपल्या कॅल्क्युलेटरची स्मृती पुसायची आणि ‘सर्व पुसले’ ही अक्षरं पडद्यावर त्यांना दाखवायची. त्यात उत्तरं लपवता येतात, खेळ लपवता येतात, म्हणून सरसकट सगळं साफ. ज्याला पुसायचं नसेल त्याने कॅल्क्युलेटर पुढच्या टेबलावर ठेवून पेपर द्यावा.

वकिलाला हे वरच्या वर्गातून आधीच कळलेलं होतं. त्याने तोडही काढली होती. एक लहानसा प्रोग्राम, तो चालवला की पडद्यावर हुबेहूब ‘सर्व पुसले’ उमटायचं आणि आतलं काडीभरही हलायचं नाही. जिन्यात उभं राहून तो केबलीने एकेकाला ते वाटत होता. तिच्यापाशी आला आणि केबलीचं टोक पुढे करून कुजबुजला, ‘‘द्या काकू. दोन मिनिटांचं काम आहे. तुमच्या चादरी सुखरूप.’’

‘‘नको रे.’’

‘‘मग तुमचा खेळ माझ्यात ठेवतो. पेपर झाला की परत. तुम्ही खुशाल पुसा.’’

तिचा हात क्षणभर पुढे झाला. मग तिने तो मागे घेतला. ‘‘तुझ्या खोट्याच्या पोटात माझं खरं ठेवायचं? ते मला जमणार नाही.’’

वकिलाने डोक्याला हात लावला. म्हणाला, मग काय, पुसणार? एकदा गेला होता तेव्हा पुन्हा लिहिलातच ना? तिने उत्तर दिलं नाही, कारण तिच्याकडे अजून उत्तर नव्हतं. पेपर चुकला तर इस्त्रीचं टेबल तसंच राहणार, बॉयलरची खोली दुसऱ्या कोणाला जाणार, हे तिला पक्कं माहीत होतं. आलेखांचे प्रश्न त्या यंत्राशिवाय तिने कधी सोडवलेच नव्हते.

सर बाकामागून बाक पुढे सरकत होते. पोरं पडदा उचलून दाखवत होती, सर मान हलवत होते. ‘सर्व पुसले’, ‘सर्व पुसले’. ते तिच्या बाकापाशी थांबले. तिने कॅल्क्युलेटर चालू केला, पुसण्याचं पान उघडलं, बोट बटणावर ठेवलं. पडद्याने विचारलं, नक्की पुसायचं का? तिने बोट उचललं.

‘‘काकू, एक बटण राहिलंय,’’ सर म्हणाले.

‘‘माहीत आहे सर. तेच दाबत नाहीये.’’

मागे कोणीतरी फिस्सकन हसलं.

‘‘आत काही आहे का?’’

‘‘खेळ आहे.’’

‘‘कोणी घालून दिला?’’

‘‘कोणी नाही. मी लिहिलाय.’’

सरांनी तिच्याकडे पाहिलं, मग कॅल्क्युलेटरकडे. राग नव्हता, उशीर होत होता एवढंच. ‘‘अहो, सगळ्यांनी पुसलं. तुमचंच काय एवढं?’’

तिने वर्गाकडे पाहिलं. वकील मूग गिळून बाकाच्या फळीकडे बघत होता. तिच्या एका शब्दावर आख्ख्या वर्गाचे कॅल्क्युलेटर टेबलावर गेले असते. ‘‘बाकीच्यांचं बाकीच्यांना विचारा,’’ ती म्हणाली. ‘‘मी माझ्यापुरतं सांगते.’’

‘‘मग माझं ऐका. आत्ता पुसा, घरी जाऊन पुन्हा लिहा. लिहिता येतं ना तुम्हाला?’’

आणि तेव्हा तिला जिन्यात न सापडलेलं उत्तर सापडलं. आवाज नेहमीसारखाच होता, खालच्या पट्टीतला, पण वर्ग इतका गप्प होता की शेवटच्या बाकापर्यंत गेला.

‘‘घरचं आणि कारखान्यातलं सगळं मी रोज पुन्हाच करते सर. सकाळी केलेला स्वयंपाक दुपारी संपतो. आज इस्त्री केलेली चादर उद्या मळून परत येते. आजवर हातून झालेलं काही दुसऱ्या दिवसापर्यंत टिकलं नाही. हे एक टिकलंय. एकदा चुकून गेलं, ते मी सोसलं. माझ्या हाताने नाही पुसणार.’’

‘‘मग नियमाप्रमाणे ते टेबलावर ठेवावं लागेल. शेवटचे तिन्ही प्रश्न आलेखांचे आहेत.’’

‘‘ठेवते.’’

ती उठली, पुढे गेली, कॅल्क्युलेटर टेबलावर पालथा ठेवला आणि जागेवर येऊन बसली. 

पेपर तिने हाताने सोडवला. बेरजा, गुणाकार ठीक होते. आलेखांपाशी घोडं अडलं. एकेक बिंदू काढायचा, कागदावर मांडायचा, रेषा जोडायची. पहिला आलेख झाला. दुसऱ्यात एक बिंदू भलतीकडेच गेला, तो खोडून पुन्हा काढावा लागला. तिसऱ्यापाशी पोचली तेव्हा घंटा झाली. तिने लिहिलेलं तसंच दिलं.

सरांनी उत्तरपत्रिका चाळली. कॅल्क्युलेटर तिच्या हातात देताना म्हणाले, ‘‘कठीण दिसतंय. आणि पुढच्या वेळी नियम हाच असेल.’’

‘‘असू द्या सर. मीही हीच असेन.’’

ती नापास झाली. थोडक्याने झाली, पण नापासाला थोडकं आणि फार असं काही नसतं. कारखान्यात बॉयलरच्या खोलीत वकील नोकरीला लागला. आपल्या यशाची त्याला थोडी लाजच वाटत होती. ती इस्त्रीच्या टेबलाशी दिसली की तो लांबून वळसा घालून जायचा. मुकादमाने तिला शहाणपण शिकवलं की एका खेळण्यापायी कोणी पायावर धोंडा मारून घेतं का. नवरा पुन्हा म्हणाला, चारचौघांत बोलू नकोस. त्याला ती पहिल्यांदाच म्हणाली की आता मुद्दाम बोलणार आहे, आणि जेवणाच्या सुट्टीत तिने खेळ सगळ्या टेबलांवर फिरवला. एकीने इतक्या चादरी पाडल्या की बाकीच्या म्हणाल्या, हिला खरोखरच्या गाडीपासून लांब ठेवा.

घरी सासूबाई तिच्या नापास होण्यावर काय बोलतात याची ती वाट पाहत होती. सासूबाई डाव संपेपर्यंत बोलल्याच नाहीत. मग मान वर न करता म्हणाल्या, ‘‘परत बसशील ना?’’

‘‘बसणार आई.’’

‘‘मग संध्याकाळी हे मला देत जा. तू कागदावर शीक.’’

तशी ती कागदावर शिकली. चौकटींच्या कागदाच्या थप्प्या आणल्या आणि बिंदू मांडत बसायची. शेजारी सासूबाई चादरी झेलत आणि एखादी सुटली की गाडीला नावं ठेवत. सुरुवातीला तिच्या रेषा वेड्यावाकड्या जायच्या. पुढे पुढे, समीकरण वाचलं की रेषा कुठून उठणार आणि कुठे वळणार ते तिला पेन्सिल टेकवण्याआधीच दिसू लागलं.

पुढच्या परीक्षेला वर्गात सगळे नवे चेहरे होते, सर मात्र तेच. दारात उभे राहून त्यांनी नियम सांगायला सुरुवात केली. त्यांचं पहिलं वाक्य संपायच्या आत ती पुढे गेली, कॅल्क्युलेटर टेबलावर ठेवला, बाकावर येऊन बसली आणि पेन्सिलीला टोक काढू लागली.