इलेक्शन झालं की बघू

मित्रांनो, मी एक जुना लाल ट्रॅक्टर आहे. रंगाचे पोपडे निघालेत, पण मला तुमची कीव नको. मला एक चूक कबूल करायची आहे. ती निम्मी माझी आहे.

कारखान्यातून मी थेट नॉर्थ कॅरोलायनात त्र्यंबककाकांच्या शेतावर आलो. काका निफाडहून शेतकी शिकायला अमेरिकेत आले आणि मिळालेली नोकरी सोडून रताळी लावून बसले. जवळच्या मॉरिसव्हिल गावातली मराठी मंडळी शनिवारी यायची आणि चिडवायची, "काय काका, इथे येऊनही नांगरच?" काका हसत त्यांच्या डिकीत रताळी भरायचे. काढणीला मला चालवायच्या मृणालिनीकाकू. दसऱ्याला त्या माझ्या बॉनेटवर हळदकुंकू वाहायच्या, तेव्हा शेजारचे गोरे शेतकरीही थांबून बघायचे. मी उगाच ऐटीत उभा राहायचो.

२००२ साली काका राज्याच्या विधानसभेवर निवडून आले. मिरवणुकीत त्यांना मीच मिरवलं. त्यानंतर ते राजधानीचे, रॅलेचेच झाले आणि शेत काकूंच्या गळ्यात पडलं. "घरचं झालं थोडं, व्याह्यानं धाडलं घोडं," असं त्या म्हणायच्या, पण हसून.

ट्रॅक्टर उलटला तर चालवणारा चिरडू नये म्हणून सीटमागे एक लोखंडी कमान बसवतात. जुन्या ट्रॅक्टरांनाही ती हवी, असा कायदा व्हावा म्हणून काका गावोगाव भाषणं करत. फोटोसाठी माझ्या मडगार्डवर हात ठेवत. माझ्यावर मात्र कमान नव्हती. लोका सांगे ब्रह्मज्ञान, आपण कोरडे पाषाण! फोटो काढणाऱ्याच्याही ते लक्षात आलं नाही.

२००६च्या ऑक्टोबरात माझ्या डाव्या चाकाचा ब्रेक लागेनासा झाला. मी रोज करकरत होतो. एका रविवारी काका धुतलेले शर्ट न्यायला आले, तेव्हा काकू त्यांच्या गाडीपाशी गेल्या.

"अहो, याचा ब्रेक गेलाय. मेकॅनिकला बोलवा ना. आणि ती कमानही ऑर्डर करा."

"इलेक्शन झालं की बघू, मृणाल. प्रॉमिस. तोवर उतारावर नेऊ नकोस."

गाडीचं इंजिन त्यांनी बंदसुद्धा केलं नव्हतं.

पण शेवटची रताळी उताराखालच्या तळ्याकाठीच होती, आणि गोठवणारं दंव पडलं की ती सडणार होती. काकूंनी चार दिवस वाट पाहिली. मग त्या मला घेऊन निघाल्या. उतारावर मागच्या जड ट्रॉलीनं मला रेटलं. काकूंनी ब्रेक दाबला. उजवं चाक थांबलं, डावं थांबलं नाही. मी गर्रकन वळलो आणि उलटलो. मित्रांनो, माझं वजन दोन टन आहे, आणि काकू माझ्याखाली होत्या.

काका ती निवडणूक जिंकले. पुढे त्यांचा कायदाही मंजूर झाला, तेव्हा सगळं सभागृह म्हणे उठून उभं राहिलं. २००८ साली मात्र ते निवडणुकीला उभे राहिले नाहीत. काकू नसलेल्या घरी परतले आणि आधी माझी दुरुस्ती करून घेतली. ब्रेक आणि कमान, दोन्हीला मिळून मेकॅनिकला दोन तास लागले. काका शेजारी घड्याळ बघत उभे होते.

"एवढंच काम होतं?" त्यांनी विचारलं.

"एवढंच, सर."

मित्रांनो, यंत्र कुरकुरलं तर ऐका. ते सांगायला आलेल्या माणसाचं तर आधी ऐका. आज माझे ब्रेक घट्ट लागतात. काका रोज सकाळी येतात, मला सुरू करतात, थोडा वेळ नुसते उभे राहतात, आणि सीटवर न बसताच बंद करून जातात.