टाचेखालचा हात

माझी भाची हर्षदा सासरी गोठ्यात घसरली, तिथून हे सुरू झालं. दुधाची किटली घेऊन येत होती, शेणावर पाय सरकला आणि कमरेवर आपटली. शिरूरच्या डॉक्टरनं फोटो काढला, हाड शाबूत होतं. मलम दिलं, विश्रांती सांगितली. मुका मार आठवड्यात ओसरला, पण उजवा पाय उठेना. पोतं ओढावं तसा ती तो मागं ओढून चालायची. तिच्या नवऱ्यानं, शंभूनं, पहिल्यांदा विचारलं की तुझी एकाच पायातली चप्पल कशी झिजते. उजव्या चपलेचा अंगठ्याकडचा भाग रस्त्याला घासून कागदासारखा झाला होता.

हर्षदाचा बाप ती लहान असतानाच गेला. माझी बहीण गिताबाई तिला घेऊन खुटबावला माझ्या शेजारी राहिली. लग्नात मुलगी मंडपात मामानं आणायची असते. मी आणली, आणि बापाच्या जागीही मीच उभा राहिलो. त्यामुळं तिचं जे काही असेल ते माझ्यापर्यंत येणारच होतं.

तिचे सासरे सोपानराव वाईट माणूस नव्हते. त्यांच्या गावचं दूध संकलन त्यांच्याकडं. सकाळी लोक किटल्या घेऊन रांगेत उभे राहतात आणि सोपानराव प्रत्येकाच्या दुधात काचेची नळी सोडतात. दुधात पाणी असलं की नळी जास्त बुडते. एकदा सख्ख्या चुलतभावाचं दूध त्यांनी चारचौघांत परत पाठवलं होतं. ही गोष्ट ते पाहुण्यांना पहिल्या चहालाच सांगत. गावात त्यांचा शब्द चालायचा तो यामुळंच.

सुनेच्या दवाखान्याला त्यांनी हात आखडला नाही. मणक्याचा एमआरआय केला, रक्त तपासलं, बिरोबाला नारळ दिला. सगळे रिपोर्ट चांगले आले. रिपोर्ट चांगला आला की घरातली माणसं सुटकेचा श्वास टाकतात, इथं उलटं होत गेलं. प्रत्येक चांगल्या रिपोर्टाबरोबर सोपानरावांचं बोलणं कमी झालं. सासूनं एकदा ती झोपेत असताना पायाला सुई टोचून पाहिली. पाय दचकला. ही गोष्ट हर्षदाला शेजारणीकडून कळली.

शेवटी पुण्याच्या मेंदूच्या डॉक्टरकडं गेलो. सोपानराव, मी आणि हर्षदा. डॉक्टर वयस्कर बाई होत्या, आवाज मऊ. त्यांनी तिला उताणं झोपवलं आणि म्हणाल्या, मामा, तुमचा हात हिच्या उजव्या टाचेखाली ठेवा. मग तिला सांगितलं, टाच खाली दाब. हर्षदानं ओठ चावून जोर केला. माझ्या हाताला काहीच लागलं नाही. मग म्हणाल्या, आता उजवा विसर, डावा पाय वर उचल. त्यांनी डाव्या पायावर हात ठेवून थोडा विरोध केला. हर्षदा डावा उचलू लागली, आणि तिकडं उजवी टाच माझ्या तळहातात रुतली. 

डॉक्टरबाईंनी आम्हा तिघांना बसवून सांगितलं. पाय शाबूत आहे, नस शाबूत आहे. मेंदूचा हुकूम पायापर्यंत पोचताना वाट चुकतो. ही मुद्दाम पाय दाबायला जाते तेव्हा तो दाबत नाही, लक्ष दुसरीकडं गेलं की आपोआप दाबतो. ही ढोंग करत नाही. या आजाराला नाव आहे, आम्ही असे पुष्कळ पेशंट बघतो, आणि नीट व्यायाम केला तर यातून बरं होता येतं.

सोपानरावांनी एकच विचारलं, "म्हंजी पायात काय बिघाड न्हाई?"

"पायात नाही," डॉक्टरबाई म्हणाल्या. त्या पुढंही बोलल्या, पण सोपानराव तोवर पिशवी आवरायला लागले होते.

हर्षदाचे डोळे भरून आले होते. जिना उतरताना तिनं माझा खांदा धरला आणि म्हणाली, "मामा, पाय हाय माझा." जीपमध्ये ती सारखी स्वतःच्या मांडीवर हात फिरवत होती, हरवलेलं जनावर परत दावणीला लागल्यावर फिरवावा तसा. सोपानराव पुढं बसले होते. भांडगाव आलं तेव्हा मागं न वळता त्यांनी विचारलं, "मामा, तुमच्या हाताला दाब लागला का न्हाई?"

मी म्हणालो, लागला.

"मग झालं तर."

व्यायामासाठी हर्षदा माहेरी आली. तिची चार वर्षांची मुलगी ओवी, तिला मागून पाठवतो असं सासरचे म्हणाले. आठवडे गेले, ओवी आली नाही. शंभूला फोन केला की तो म्हणायचा, आप्पांना विचारतो. मग निरोप आला तो बैठकीचा. त्यांच्या गावात, बिरोबाच्या देवळात, दोन्हीकडची जाणती माणसं बसणार होती.

हर्षदा खुशीत निघाली. वाटेत न्हावऱ्यापर्यंत ती मनातल्या मनात बोलणं जुळवत होती. तिला वाटत होतं, डॉक्टरनं सांगितलं ते आपण सगळ्यांना समजावू आणि पोरीला घेऊन येऊ. मलाही तसंच वाटलं.

सभामंडपात सतरंजी घातली होती. ओवीला आणलं नव्हतं, ती घरी आजीजवळ होती. सोपानरावांनी सुरुवात केली. सून म्हणते पाय चालत नाही. पाय चालतो हे पुण्याच्या डॉक्टरनं दाखवलंय. दुधात पाणी आहे की नाही हे जसं नळी सांगते तशी पायाचीही तपासणी असते. ती इथं सगळ्यांसमोर करायची. पाय खरंच अधू निघाला तर मी सुनेची माफी मागतो. चांगला निघाला तर तिनं ढोंग कबूल करायचं.

मी म्हणालो, ती तपासणी चोरी पकडायची नव्हे, डॉक्टरबाई काय म्हणाल्या ते पुढचंही सांगा. कोपऱ्यातून कुणीतरी बोललं, "मामा, दूध तुमच्या घरचं हाय. फॅट लागंल तेवढी लागंल, नळी तर बुडू द्या." लोक हसले.

सासऱ्यानं सुनेच्या पायाला हात लावायचा नसतो, म्हणून सोपानराव मला म्हणाले, "पुण्याला तुमचाच हात हुता. आताबी तुमचाच ठेवा." नाही म्हणालो असतो तर त्याचाच अर्थ लावला गेला असता. हर्षदाकडं पाहिलं. ती सतरंजीवर आडवी झाली, साडी घोट्यापर्यंत ओढून घेतली आणि डोळ्यांवर पदर टाकला. वीसेक पुरुष मान पुढं काढून बघत होते. मी टाचेखाली हात घातला. तिनं उजवा पाय दाबायला बघितलं, पायानं दाद दिली नाही. मग शंभूनं तिच्या डाव्या पायावर हात ठेवला आणि तिला तो उचलायला सांगितलं.

टाच माझ्या हातात रुतली. पुण्यापेक्षा जोरात.

हे फक्त मला कळत होतं. बाहेरून बघणाऱ्याला काही दिसत नाही. मी म्हणालो, "काय लागलं न्हाई."

सोपानराव उठले. देवापुढची भंडाऱ्याची थाळी आणून त्यांनी माझ्यासमोर ठेवली. "उचला मग."

आमच्यात भंडारा उचलून कुणी खोटं बोलत नाही. माझा एक हात अजून टाचेखाली होता, दुसरा मांडीवर. तो मांडीवरून हलला नाही.  मग हर्षदानं पदर काढला आणि ती उठून बसली.

"मामा, ऱ्हाऊ द्या. माझ्यापायी देवाम्होरं खोटं नका बोलू. दाब आला असंल. मला कळत न्हाई, पन येतोय. मी दाबाय गेले की दाबत न्हाई, ह्योच माझा आजार हाय. डॉक्टर म्हणल्या, दाब येतोय म्हणूनच पाय बरा हुनार हाय."

 मग एक म्हातारा दुसऱ्याला म्हणाला, पोरगी कबूल झाली. तिच्या बोलण्यातलं तेवढंच त्यांच्या कामाचं होतं. ठरलं असं की तिनं ढोंग केलं एवढं तोंडानं म्हणावं आणि आत्ताच घरी जावं, मागचं कुणी काढणार नाही. म्हणणार नसेल तर ओवी तिकडंच राहील.

"न केलेलं कसं म्हनू?" ती म्हणाली. आम्ही ओवीला न बघता परत आलो.

पुढं मी पुण्याला जाऊन डॉक्टरबाईंचं पत्र आणलं आणि सोपानरावांना नेऊन दिलं. त्यांनी चष्मा लावून ते दोनदा वाचलं. "ह्यात गोळी कुठं लिव्हलीय?" म्हणाले. मी सांगितलं, गोळी नाही, व्यायाम आहे. त्यांनी पत्र घडी करून माझ्या खिशात घातलं.

दौंडला रेल्वे कॉलनीच्या बाजूला व्यायाम शिकवणारी एक मुलगी होती. तिच्याकडं हर्षदा जाऊ लागली. व्यायाम ऐकून लोक हसायचे. उलटं चाल, गाणं म्हणत चाल, चेंडू झेलत चाल. लक्ष पायावरून काढायचं, एवढंच त्यात होतं. दिवाळीला ती भिंतीला धरून चालत होती, थंडी पडली तेव्हा भिंत सुटली. एका सकाळी ती विहिरीपर्यंत माझ्यासाठी चहा घेऊन आली, पाय न ओढता. गिताबाईनं तिच्यावरून मीठमोहऱ्या उतरल्या.

बातमी शिरूरकडं आधीच पोचली होती. बिनगोळीची, बिनइंजेक्शनची बरी झाली, म्हणजे आजार कसला, असं तिकडं बोललं जात होतं. लंगडत होती तेव्हा ढोंगी होती, चालायला लागली तेव्हा ढोंग उघडं पडलं. वकिलाला विचारलं. तो म्हणाला, पोर मिळेल, पण वेळ लागेल, आणि किती ते मी सांगू शकत नाही.

शंभू मधूनमधून व्हिडिओ कॉल करून ओवीला दाखवायचा. एकदा मी तिथंच बसलो होतो. ओवी केसाला रिबन लावून आली, आईकडं बघितलं आणि म्हणाली, "आई, तू खोटं बोलायचं बंद केलं का? केलं की मी येणार हाय."

हर्षदानं फोन बंद केला. चुलीपुढं बसून भाकरी थापली, जेवण वाढलं. हात धुताना मला म्हणाली, मामा, सोपानआप्पांना कळवा, मी येते.

दुसरी बैठक लहानशी झाली. ती देवळाच्या पायऱ्या कुणाला न धरता चढली. मी थांब म्हणालो, तिनं ऐकलं नाही. थाळी पुढं करायचीही वेळ आली नाही, तिनं स्वतःच चिमटीत भंडारा घेतला, कपाळाला लावला आणि म्हणाली, "माझा पाय चांगला हुता. मी ढोंग केलं." आवाज जरासुद्धा हलला नाही.

सोपानरावांच्या डोळ्यांत पाणी आलं, खरोखरचं. त्यांनी पेढे आणवले. मला हाताला धरून बाजूला घेतलं आणि म्हणाले, "पाव्हणं, मनात काय ठिवू नका. आपल्याला फकस्त खरं पायजे हुतं." तोवर ओवी येऊन आईच्या कमरेला बिलगली होती.

गेल्या महिन्यात हर्षदा माहेरी आली, एका दिवसापुरती. शंभूनं मोटरसायकलवरून दोघींना आणलं. अंगणातून ती सरळ चालत आली, गिताबाईच्या पाया पडली. जरा वेळानं मी पाणी प्यायला उठलो तर दारात तिच्या चपला दिसल्या. डावी नवीच होती. उजवीचा अंगठ्याकडचा भाग झिजून पातळ झाला होता. मी ती उचलून बघत होतो तेवढ्यात ती बाहेर आली.

मी म्हणालो, परत सुरू झालंय, चल, उद्याच पुण्याला जाऊ.

"घरात काय सांगून येऊ, मामा?"

बाहेर शंभू गाडी पुसत होता. तिनं चप्पल माझ्या हातातून घेतली, दुसरीही उचलली आणि दोन्ही बंबाजवळच्या सरपणाखाली सारल्या. संध्याकाळी निघताना ती गिताबाईच्या चपला घालून गेली.