तलावाखालची नगरी आणि दीड किलो मीठ

श्रावणातल्या तिसऱ्या सोमवारी आमच्या तलावाच्या पाळीवर पाय ठेवायला जागा नव्हती. पार भद्रावतीहून लोक आले होते. छातीइतक्या पाण्यात जलनाथ महाराज हात वर करून उभे होते. आधीच्या दोन सोमवारांप्रमाणेच बाराच्या सुमारास त्यांच्यापासून दहा हातांवर पाणी हललं आणि तांब्याचा एक गडू डुबुककन वर आला. कोणी टाकला नाही, कोणी ओढला नाही. बायांनी पदर डोळ्यांना लावले.

महाराजांनी पाण्यात चालत जाऊन गडू उचलला आणि त्यांची नेहमीची टकळी सुरू झाली. तलावाखाली म्हणे रत्नावंती नगरी आहे. सात दरवाजे, स्फटिकाचे रस्ते, झाडांना फळांच्या जागी दिवे. तिथे कोणी म्हातारं होत नाही, कोणी मरत नाही, आणि या तलावात जो बुडाला तो तिथला रहिवासी होतो. आधार कार्ड लागतं का तेवढं सांगायचं राहिलं. नगरीच्या छपरांना इजा होते म्हणून पहिल्या सोमवारपासून चाळीस दिवस तलावात जाळं टाकायचं नाही, डोंगा घालायचा नाही. आम्ही ढिवर, मासे धरणारे, तलावावर आमचं पोट; पण गावाने डोंगे पाळीवर पालथे घातले आणि लोक मजुरी शोधायला लागले.

मी मनसाराम. बत्तीस वर्षं शाळेत शिकवलं, आणि हे सगळं तोंड मिटून पाहिलं. कारण सांगतो. माझी धाकटी बहीण मनकर्णा याच गावात दिलेली. नवरा लवकर गेला, एकुलता मुलगा आदेश. आषाढाच्या पुरात त्याचा डोंगा उलटला. सांडव्यावरून पाणी उसळत होतं. पोरगा नाल्यातून वैनगंगेला लागला असणार. आठ-आठ कोस शोधलं, सापडला नाही. मनकर्णाने अन्न सोडलं. पाचव्या दिवशी हा महाराज उगवला, म्हणाला, तुझा पोरगा खाली सुखात आहे. त्या दिवशी ती भात जेवली. मग मी काय बोलणार? तिने पोराची तेरवी केली नाही, तरी मी गप्प राहिलो.

त्या सोमवारच्या गडूत हातभर नवं जाळं निघालं. आदेशनं आईसाठी विणून पाठवलं म्हणे. मनकर्णाने ते छातीशी धरलं आणि सगळ्यांसमोर विचारलं, "महाराज, मले कधी नेता?" महाराज जरा गडबडला. पण हजार माणसं ऐकत होती, नाही कसं म्हणणार? पुढच्या सोमवारी दरवाजा उघडेल, म्हणाला.

तिला पोहता येत नाही.

घरी जाऊन मी ते जाळं उजेडात धरलं. आदेशला जाळं विणायला मीच शिकवलं होतं. तो डावखुरा, त्याच्या गाठीचा पीळ उलटा पडायचा. त्यावरून त्याला किती चिडवलंय. या जाळ्यातली एक एक गाठ उजव्या हाताची होती.

"मनकर्णा, हे आदेशचं नाई," मी म्हणालो.

तिने जाळ्याची घडी घातली. "तिथं जाऊन उजवा झाला असन, भाऊ."

पुढच्या सोमवारी मी पालथा डोंगा सरळ केला आणि लोक शिव्या देत असताना तलावात घातला. गडू वर आला, तसा महाराजाच्या आधी मी उचलला. तोंडाला मेण लावून बंद केलेला. खाली दोरीला मच्छरदाणीच्या कापडाची पिशवी लोंबत होती, आणि तिच्यात पांढरे खडे. एक तोंडात टाकला. खडे मीठ.

पाळीवर येऊन मी सगळ्यांना दाखवलं. गडूत हवा असते, तो तरंगतो. दीड किलो मीठ बांधलं की बुडतो. पहाटे बुडवायचा, मीठ विरघळत जातं, वजन घटतं, दुपारी गडू आपोआप वर. उरलेली पिशवी महाराज गडू उचलताना लुंगीत खोचायचा. जाळं किंवा डोंगा फिरला असता तर पहिल्याच दिवशी हे हाती लागलं असतं, म्हणून ती बंदी. मी दुकानातून मीठ मागवलं, तिथेच बांधून गडू बुडवला. लोक अंधार पडेपर्यंत बसले. गडू वर आला.

कोणी टाळी वाजवली नाही. एक बाई म्हणाली, गुरुजी, तुम्ही गावाचं दैव घालवलं. महाराज केव्हाच बसने निघून गेला होता. आता एटापल्लीकडे कुठल्याशा तलावात नगरी निघाली आहे, असं ऐकतो.

मनकर्णा पाण्यात गेली नाही. चार दिवसांनी माझ्या घरी आली, ओसरीवर बसली.

"भाऊ, मीठ किती लागते म्हनला होतास?"

आता ती रोज सकाळी गडूत भात भरते, मेण लावते, पाळीवरून बुडवते. दुपारी गडू वर येतो. उघडून पाहते, भात तसाच असतो. "आज भूक नसन त्याले," म्हणते, आणि तोच भात खाते. मीठ मी आणून देतो. नाही दिलं तर ती स्वतःच पाण्यात उतरेल, याची मला भीती आहे. बत्तीस वर्षं पोरांना विज्ञान शिकवणारा मी.

म्हणून हात जोडून सांगतो. चमत्कार दिसला की त्याच दिवशी गडू उलटा करून पाहा. समोरचा माणूस रडत असला तरी पाहा, त्याला त्या खोटेपणातून बरं वाटत असलं तरी पाहा. मला पहिल्या सोमवारीच संशय आला होता. बहीण जेवतेय म्हणून मी थांबलो.

उद्या दुकानातून मीठ आणायचं आहे.